तेजरावच्या दुकानात सगळं चालते

साखरखेर्ड्याला मी होमिओपॅथीचा दवाखाना टाकला, तेव्हा घरमालकाने एकाच मोठ्या गाळ्याचे मधोमध पत्रा ठोकून दोन भाग केले होते. अलीकडे मी बसायचो, पलीकडे तेजराव. पलीकडे गर्दी असायची आणि अलीकडे शांतता. गाव इतकं निरोगी असेल अशी मला कल्पना नव्हती. मी पत्र्याला पाठ टेकून पेपर वाचायचो आणि पलीकडून येणारा गोळीबार, बॉम्बस्फोट आणि तेजरावचा आवाज ऐकायचो. या तिन्हींत तेजरावचा आवाज मोठा होता.

तेजराव भाजीपाला पिकवणाऱ्या घरातला. थोरला भाऊ गावाबाहेरच्या मळ्यात वांगी, मिरची, कांदा काढायचा. तेजराव शेतीच्या कामाचा नाही हे घरात लवकरच कळलं. विहिरीवरच्या मोटारीचा स्टार्टर त्याने अनेकदा दुरुस्त केला आणि दर वेळी त्यानंतर वायरमनला बोलवावं लागलं. यावरून पोराचा ओढा इलेक्ट्रॉनिक्सकडे आहे असा निष्कर्ष घरच्यांनी काढला आणि त्याला गावात दुकान टाकून दिलं. आधी रेडिओ दुरुस्ती, मग टीव्ही, मग व्हिडिओ गेम पार्लर अशी त्याची प्रगती झाली. दुरुस्तीला आलेले टीव्ही परत जाईनात, तेव्हा त्यांचं काय करायचं या प्रश्नातून पार्लर निघालं असं गावात म्हणत. मी त्यात पडलो नाही.

सफारीच्या खिशाला त्याचा टेस्टर लावलेला असायचा. माझ्या गळ्यात स्टेथोस्कोप असायचा. दोघांचा उपयोग साधारण सारखाच होता.

त्या वेळी टीव्हीला जोडायचे जे गेम मिळत, ते कॅसेटीवर चालायचे. पिवळी, लाल, हिरवी प्लॅस्टिकची चपटी वडी, तिच्या खालच्या कडेला तांब्याचे दात. ती मशीनच्या तोंडात दाबायची, बटण मारायचं आणि चित्राची वाट पाहायची. चित्र क्वचितच यायचं. मग तेजराव उठायचा. कॅसेट काढून तिच्या दातांवर फुंकर मारायचा. एक लांब, दोन आखूड. मग ती कपाळाला लावायचा आणि पुन्हा घालायचा. तरीही चित्र आलं नाही तर पत्र्यावर टकटक व्हायची.

"डाक्टरसाहेब, जरा स्पिरिट अन् कापूस द्या."

माझ्या दवाखान्यातलं स्पिरिट माणसांपेक्षा कॅसेटींनाच जास्त लागलं. बऱ्या होण्याचं प्रमाणही त्यांच्यातच जास्त होतं.

दुकानावर बोर्ड होता. त्यावर दुकानाचं नाव बारीक आणि खालची ओळ मोठी होती: 'आमचेकडे सर्व कॅसेटी सर्व मशीनवर चालतील'. हे तेजरावच्या आयुष्याचं तत्त्वज्ञान होतं. गिऱ्हाइकाने काहीही विचारलं तरी उत्तर एकच. मेहकरहून आणलेली कॅसेट इथल्या मशीनवर चालते का? "चालते." हा रिमोट त्या टीव्हीला? "चालते." पावसात भिजलेली? "वाळवली का चालते." एका माणसाने भर बाजाराच्या दिवशी त्याला विचारलं की, माझ्या बैलाला खुराक म्हणून सोयाबीन चालेल का. तेजरावने मान वर न करता सांगितलं, "चालते ना."

एकदा त्याने जालन्याहून एक कॅसेट आणली. तिच्यावर हजारो गेम असल्याचं छापलेलं होतं. शाळेतले एक गुरुजी ती मुलासाठी घेऊन गेले आणि दुसऱ्या दिवशी संतापून परत आले. पहिले काही गेम खरे होते. पुढे तेच गेम नावं बदलून पुन्हा पुन्हा येत होते.

"तेजराव, ही फसवणूक आहे. एकच गेम शंभर नावांनी!"

तेजरावने त्यांना स्टूल दिलं. चहा सांगितला. मग शांतपणे विचारलं, "गुरुजी, आपल्या गावात मारुती किती हायेत?"

"का?"

"येशीतला येक, मळ्यातला येक, नदीवरचा येक. मारुती येकच होय ना? मंग तुमी तिनी ठिकानी काऊन नारळ फोडता?"

गुरुजी चहा पिऊन कॅसेट घेऊन परत गेले. मी पत्र्याअलीकडून ऐकत होतो. माझ्या एकाही रोग्याला मी इतक्या झटपट बरं केलं नव्हतं.

या दुकानात तेजरावपेक्षाही मोठं माणूस होतं, ते म्हणजे त्याची आई. गाव तिला बायजामाय म्हणायचं. वाळलेली, काटक, लुगड्याचा काष्टा घातलेली बाई. दुपारी तेजरावचा डबा घेऊन यायची आणि तो जेवेपर्यंत बाकावर बसायची. बसल्या बसल्या तिने एक गेम पाहिला. पडद्यावर खाली मधोमध विटांच्या चार भिंतींत एक खूण. वरून रणगाडे यायचे, भिंती फोडत खूण उडवायला पाहायचे. आपला रणगाडा घेऊन त्यांना अडवायचं. खूण उडाली की खेळ खलास.

बायजामायने रणगाडा कधी पाहिलेला नव्हता. मळ्यात घुसणारी रानडुकरं मात्र तिने जन्मभर हाकलली होती.

"डुकरं होत बे हे," ती म्हणाली. "अन् हा मळा. आन इकडं ते."

तिने एका पोराच्या हातातला बटणांचा पॅड घेतला आणि तेव्हापासून डबा रिकामा झाल्यावरही ती घरी जाईना. खेळायची तिची पद्धत ठरलेली. गावातली पोरं पडदाभर फिरून रणगाडे मारत. बायजामाय आपल्या विटांपुढून हलायची नाही. तिथेच उभी राहून येईल त्याला टिपायची. पोरं ओरडायची, "आजी, वरती जा ना, वरती!"

"कायले? त्याईच्या वावरात माहं काय काम हाये? मी आपलं वावर राखतो."

पोरं पैसे देऊन बसलेली असायची, तरी तिला उठवायची कुणाची हिंमत नव्हती. एखाद्याने "आजी, आमचा नंबर" म्हटलं की ती पडद्यावरची नजर न काढता त्याच्या बापाच्या लहानपणाची एखादी गोष्ट सांगायला सुरुवात करायची. पोरगा नंबर सोडून द्यायचा. तेजरावला त्यात धंद्याचं नुकसान दिसायचं नाही. उलट नवीन गिऱ्हाईक आलं की तो तिच्याकडे बोट दाखवायचा, "पाहा, आमच्या मशीनवर म्हाताऱ्या बी चालतात."

मग नवी मशीनं आली.

जुनं मशीन आठ बिटचं होतं, नवं सोळा बिटचं. बिट म्हणजे काय हे तेजरावला माहीत नव्हतं. मलाही नव्हतं. पण मी गप्प बसलो, तो बसला नाही. मशीन जालन्याहून यायच्या आधीच त्याने गावभर सांगून ठेवलं की, जुन्या सगळ्या कॅसेटी नव्यावर चालणार. आणि नुसत्या चालणार नाहीत.

"आठ आठ सोळा होते का नाही, डाक्टरसाहेब?"

"होते."

"मंग सोळात दोन आठ बसतात. म्हंजे येका टायमाले दोन कॅसेटी चालल्या पाह्यजे. कंपनीनं येकच तोंड देलं, ही कंपनीची चूक."

या गणिताच्या जोरावर त्याने आपली सगळी जुनी मशीनं जालन्याच्या व्यापाऱ्याला एक्स्चेंजमध्ये देऊन टाकली. कॅसेटींचं पोतं मात्र ठेवून घेतलं, कारण त्या नव्यावर चालणारच होत्या.

नवं मशीन आलं त्या दिवशी दुकानात उभं राहायला जागा नव्हती. काळंभोर, चकचकीत. तेजरावने उदबत्ती लावली, नारळ फोडला, पोत्यातून एक पिवळी कॅसेट काढली, फुंकर मारली आणि मशीनच्या तोंडाशी नेली. ती आत गेली नाही. तोंडाचा आकारच वेगळा होता. आडवी करून पाहिली, उलटी करून पाहिली. कुणीतरी मागून हसलं.

"तोंड बदललं, पोट तेच हाये," तेजराव म्हणाला आणि त्याने हेक्सा ब्लेड मागवलं.

लोकांच्या डोळ्यांदेखत त्याने नव्या कोऱ्या मशीनचं तोंड कापलं. प्लॅस्टिकचा भुगा उडत होता आणि तो मध्येमध्ये फुंकून साफ करत होता. शेवटी कॅसेट आत दाबून बसवली. बटण मारलं. टीव्हीचा पडदा काळा राहिला. पत्र्याच्या फटीतून माझ्याकडे जळक्या वासाची एक झुळूक आली.

"व्होल्टेज कमी हाये," तेजराव म्हणाला.

त्या काळी आमच्याकडे हे कारण कुणी नाकारू शकत नव्हतं. लोक व्होल्टेजची वाट पाहत बसले. संध्याकाळी व्होल्टेज आलं. चित्र आलं नाही.

दुसरा माणूस असता तर त्याने बोर्ड उतरवला असता. तेजरावने जालन्याहून दुसरं मशीन आणलं, त्यासोबत एक मधला तुकडा आणला. खालून नव्याचे दात, वरून जुन्याचं तोंड. हा तुकडा घातला की जुनं नव्यावर चालतं, असं व्यापाऱ्याने सांगितलं होतं. तो व्यापारी बहुधा तेजरावचाच गुरुबंधू असावा. कॅसेट बसली, चित्रही आलं. म्हणजे पडद्यावर हिरव्या-गुलाबी रेघा आल्या आणि त्या थरथरायला लागल्या. तेजरावने जाहीर केलं की हे नवं व्हर्जन आहे, ज्याची नजर चांगली त्यालाच दिसतं. नजर चांगली असलेली बरीच पोरं निघाली. काही तर त्या रेघांवर जिंकलीही.

बायजामायने त्या रेघांकडे एकदा पाहिलं आणि पॅड खाली ठेवला. "पाऊस पडून राह्यला," ती म्हणाली. "पाऊस थांबला का सांग." आणि डबा घेऊन घरी गेली. त्यानंतर ती दुकानात डबा ठेवायची आणि जायची. तेजराव म्हणायचा, मायला आता म्हातारपणामुळे कंटाळा येते. हे तो मला सांगत होता की स्वतःला, ते कळत नसे.

त्या उन्हाळ्यात बायजामायला लकवा मारला. उजवा हात आणि उजवा पाय. मला आधी बोलावलं, कारण मी जवळ होतो. मी माझ्या शिक्षणाचा सर्वांत चांगला उपयोग केला आणि तिला ताबडतोब जालन्याच्या मोठ्या दवाखान्यात न्यायला सांगितलं. काही दिवसांनी ती परत आली. पाय थोडा हलायला लागला होता. हात मांडीवर पडून होता, दुसऱ्याचा असल्यासारखा. तिथल्या डॉक्टरांनी सांगितलं होतं, बोटं हलवत राहा, नाहीतर हात कायमचा जाईल. हातात धरून दाबायला रबराचा चेंडू दिला होता.

तिने तो डाव्या हाताने अंगणात भिरकावला. "मी काय लेकरू हाय का चेंडू खेळाले?"

तेजरावने चेंडू आणून दिला. तिने परत फेकला. घरात भाऊ, भावजय, सगळ्यांनी समजावून पाहिलं. मी गेलो आणि हाताच्या नसांवर एक छोटंसं व्याख्यान दिलं. तिने ते पूर्ण ऐकून घेतलं.

"डाक्टर, बोटं हलोतो मी. पन डुकरं लावून दे म्हना त्याले."

घरातली सगळी माणसं तेजरावकडे पाहायला लागली.

त्याने दुसऱ्या दिवशी दुकानातला मोठा टीव्ही आणि नवं मशीन उचलून घरी आणलं. नव्या मशीनसाठी रणगाड्यांचाच एक गेम मिळत होता, तो लावला. खरे वाटावेत असे रणगाडे, धूर, डोंगर, आभाळ. मायच्या मांडीवर त्याने पॅड ठेवला, तिचं उजवं बोट उचलून बटणावर ठेवलं. ती बराच वेळ पडद्याकडे पाहत राहिली.

"हे कोनाचं वावर होय?"

"आपलंच हाये माय. नवीन रंग देला फक्त."

"आपला मळा कुठी हाये मंग? विटा कुठी हायेत?"

"आता विटा नसतात माय, नव्यात..."

"तेजराव," ती म्हणाली. मी त्या आधी किंवा नंतर कधी तिला त्याचं पूर्ण नाव घेताना ऐकलं नाही. "गावाले सांगतं ते मले नको सांगू."

पॅड मांडीवरून घसरून खाली पडला. तिने भिंतीकडे तोंड केलं.

दुसऱ्या दिवशी पत्र्यापलीकडे दुकान बंद होतं. तेजराव माझ्या दवाखान्यात येऊन बसला. बराच वेळ काही बोललाच नाही. मी घाबरलो. तेजराव गप्प बसणं हे कुठल्या आजाराचं लक्षण आहे हे माझ्या पुस्तकात नव्हतं.

"जुनं मशीन पाह्यजे, डाक्टरसाहेब," तो शेवटी म्हणाला. "लय दिवस नाहीत. बोटं आकडून चालले."

मग शोध सुरू झाला. जालन्याचा व्यापारी म्हणाला, ती मशीनं? ती केव्हाच भंगारात गेली भाऊ, आता कोण घेतं ती. तेजरावने ज्यांना ज्यांना जुनं मशीन विकलं होतं त्यांची दारं तो वाजवत फिरला. मेहकर, चिखली, हिवरा आश्रम. कुणाचं जळलं होतं. कुणाचं पोराने उघडून आतलं सगळं उधळलं होतं. हिवरा आश्रमला एका घरी मशीन मिळालं म्हणून तो आनंदाने आत गेला, तर आजोबांनी ते पोकळ करून त्यात सुपारी, अडकित्ता आणि चुना ठेवला होता. झाकण छान लागतं म्हणाले.

आणि मग त्याला सोनाळ्याची आठवण झाली.

थोरल्या भावाची मुलगी कांता सोनाळ्याला दिली होती. जिल्ह्याच्या पार त्या टोकाला, सातपुड्याच्या पायथ्याशी. लग्नात इतरांनी भांडी दिली, कपाट दिलं. काका म्हणून तेजरावने आंदण दिलं ते व्हिडिओ गेमचं मशीन. मांडवात माईकवर त्याने जाहीर केलं होतं की हे मशीन पिढ्यान् पिढ्या चालेल आणि पुढे येणारी प्रत्येक कॅसेट यावर लागेल. वरपक्षाने टाळ्या वाजवल्या होत्या.

"आता ते परत कसं मांगाव?" तेजराव म्हणाला. "पोरीच्या सासरून आंदन परत आनलं तं मंग तोंड कुठी दाखवाव? पोरीनं तरी घरात कसं ऱ्हाव?"



"तुमी चला संगं. डाक्टर असला का थोडी इज्जत राह्यते."

माझ्या पदवीचा असा थेट उपयोग प्रथमच होत होता. मी निघालो. मेहकर, खामगाव करत आणि एसटी बदलत आम्ही सोनाळ्याला पोचलो, तेव्हा जेवणाची वेळ झाली होती. कांताचे सासरे उत्तमराव भारदस्त, मोठ्या मिशांचे, कमी बोलणारे गृहस्थ. त्यांनी बैठकीत बसवलं. समोर टीव्ही होता आणि टीव्हीशेजारी, क्रोशाच्या विणलेल्या झाकणाखाली, वर प्लॅस्टिकची फुलं ठेवलेलं ते मशीन होतं. लग्नानंतर त्याला कुणी हात लावला नव्हता. घरात आंदणाची चीज म्हणून ते नुसतं दाखवण्यासाठी होतं.

तेजरावने मशीन पाहिलं आणि पाऊसपाण्यावर बोलायला सुरुवात केली.

आम्ही पातोड्याची भाजी, भाकरी, कढी जेवलो. तेजराव मिरचीच्या भावावर बोलला. एसटीच्या वेळापत्रकावर बोलला. उत्तमरावांच्या विहिरीच्या पाण्याची चव त्याने दोनदा वाखाणली. मी खोकलो. तो सातपुड्यावर बोलला. शेवटी उत्तमरावांनी सुपारी कातरता कातरता विचारलं, "इवाई, काम काय काढलं होतं?"

"काम काही नाही," तेजराव म्हणाला. "म्हनलं सहज... हे मशीन पाहाव. सर्व्हिसिंग कराले नेतो म्हनलं."

"ते कोनी लावलंच नाही कधी. सर्व्हिसिंग कायची?"

"नाही म्हंजे, तुमाले नवीन देतो ना याच्या बदल्यात. याच्याहून भारी. सोळा बिट."

"याच्या कॅसेटी त्याच्यावर चालतीन?"

तेजरावने छाती काढली. सवय होती ती. "चालतीन ना!"

उत्तमरावांनी अडकित्ता खाली ठेवला. "मंग तुमच्या कॅसेटी तुमच्या नव्यावरच चालवा ना. याले काऊन हात लावता?"

आतल्या दारात कांता आणि तिची सासू उभ्या होत्या. ओसरीवर शेजारची चार माणसं पाहुणे पाहायला आली होती. माझं सगळं होमिओपॅथीचं शिक्षण त्या क्षणी मला काहीच सुचवेना.

तेजरावने खिशाला लावलेला टेस्टर काढला, पुन्हा लावला.

"नाही चालत," तो म्हणाला.

"काय?"

"नाही चालत, उत्तमराव. जुनं नव्यावर चालत नाही. कधीच चालत नव्हतं. मी नवीन मशीन कापून पाह्यलं, जोडून पाह्यलं. तुमच्या मांडवात जे माईकवर बोललो तेबी मले काही ठाऊक नव्हतं, तसंच बोललो. मायचा उजवा हात गेला. ती त्या येका गेमसाठी बोटं हलोतो म्हनते, अन् तो गेम याच्यावरच लागते. माह्या घरी येकबी राह्यलं नाही, मीच देऊन टाकले." तो थांबला. "आंदन परत मांगाले आलो. आता तुमाले जे बोलायचं ते बोला."

मी तेजरावला इतकी सलग वाक्यं खरी बोलताना पहिल्यांदाच ऐकत होतो. ती बोलायची सवय नसल्याने तो हळूहळू, एकेक शब्द ठेवत बोलला.

उत्तमरावांनी ओसरीकडे पाहिलं. शेजारची माणसं टक लावून ऐकत होती. मग ते आत वळून म्हणाले, "कांता, तुह्या आजीचं सामान बांधून दे."

कांताने प्लॅस्टिकची फुलं उचलली, क्रोशाचं झाकण घडी करून बाजूला ठेवलं आणि मशीन आपल्या एका जुन्या ओढणीत गुंडाळून काकाच्या मांडीवर आणून ठेवलं. तेजरावने खाली पाहिलं.

"याच्या बदल्यात मिक्सर पाठवजा," उत्तमराव म्हणाले. "साधा पाठवजा. येका भांड्याचा. नवं जुनं नका करू."

परतीच्या एसटीत तेजरावने मशीन मांडीवरून खाली ठेवलं नाही. खामगावला उतरून मी चहा आणला, तर तो एका हाताने प्याला.

घरी पोतं उपसून ती कॅसेट शोधली. फुंकर मारली, स्पिरिट लावलं. चित्र आलं. विटा आल्या. बायजामायला भिंतीला टेकवून बसवलं. पहिल्याच दिवशी मळा लगेच उडाला, पुन्हा उडाला, आणि तिने मशीनला अशा शिव्या दिल्या की भावजयीने पोरांना बाहेर पाठवलं. ती डाव्या हाताने खेळायला पाहत होती. तेजराव दर वेळी तिचं उजवं बोट उचलून बटणावर आणून ठेवायचा. किती दिवस गेले ते मी मोजले नाहीत. एका दुपारी मी तिथे बसलो असताना तेजराव पाणी आणायला उठला, आणि तिचा उजवा अंगठा आपणहून बटणावर दाबला गेला. एक रणगाडा फुटला.

"मेलं," ती म्हणाली, अंगठ्याकडे न पाहता.

तेजराव तांब्या हातात घेऊन दारातच उभा राहिला. मग पाणी न देताच परत आत गेला.

पुढे ती काठी घेऊन अंगणात यायला लागली. उजव्या हाताने घास धरायला लागली. माझ्या गोळ्याही चालू होत्या, त्यामुळे निम्मं श्रेय गावाने मला दिलं आणि दवाखान्यात काही रोगी यायला लागले. मी त्याबद्दल व्हिडिओ गेमचे आभार कुठे मानले नाहीत.

सोनाळ्याहून आलेला तेजराव बदलला असेल असं तुम्हाला वाटत असेल, तर मी त्याचं चित्र नीट काढलेलं नाही. पुढच्याच बाजाराला एकाने त्याला विचारलं, ही सीडी कॅसेटीच्या मशीनवर चालेल का. पत्र्यापलीकडून क्षणभर काहीच आवाज आला नाही. मी पेपर खाली ठेवला.

"चालते ना," तेजराव म्हणाला. "फक्त तोंड मोठं कराव लागते."

सीडीची मशीनं आली, मग कॉम्प्युटरवरचे गेम आले, मग कुणालाच पार्लरची गरज राहिली नाही. तेजरावने तिथे मोबाइल रिचार्ज सुरू केलं. कुठल्याही मोबाइलचा चार्जर कुठल्याही मोबाइलला लागतो असं तो सांगायचा. मी तोवर चिखलीला दवाखाना हलवला होता. सोनाळ्याला त्याने मिक्सर पाठवला की नाही, हे मी कधी विचारलं नाही.

मध्ये एकदा लग्नाच्या निमित्ताने साखरखेर्ड्याला जाणं झालं, तेव्हा म्हातारीला भेटावं म्हणून त्यांच्या घरी गेलो. दुपारची वेळ. अंगणात मिरच्या वाळत होत्या, आत छताचा पंखा जोरात फिरत होता. बायजामाय भिंतीला टेकून बसली होती, मांडीवर पॅड. डोळ्यांवर दोन्हीकडे पांढरी साय आली होती. आता उजेड-अंधारापलीकडे तिला काही दिसत नाही असं भावजयीने दारातच सांगितलं. समोरचा टीव्ही बंद होता. कोनाड्यात ते मशीन झाकण उघडून, पोट मोकळं करून पडलं होतं. त्यातून धूर निघाल्याचा काळा डाग भिंतीवर तसाच होता.

तेजराव तिच्याजवळ उकिडवा बसला होता. केस पांढरे झाले होते. तो तोंडाने आवाज काढत होता, ढुप, ढुप, मध्येच जिभेने टक्. आवाज काही खास जमत नव्हते.

"डावीकडून आलं माय. येक विटेपाशी हाये. आता उजवीकडून, हळू येऊन राह्यलं..."

तिचे दोन्ही अंगठे चालत होते. उजवा थोडा मागे, पण चालत होता. तेजराव "ढुप" म्हणायचा आणि तिच्या चेहऱ्यावर समाधान यायचं. मग तो पुढचं डुक्कर काढायचा, नवीन दिशेने. एखादं तो मुद्दाम चुकू द्यायचा आणि दोन विटा पाडायचा. ती हळहळायची आणि विटांपुढे सरकून उभी राहायची.

मी उंबऱ्यात उभा राहिलो. माझी चाहूल तिला लागली असावी.

"कोन होय? डाक्टर?" मान न वळवता ती म्हणाली. "बसा. पन बोलू नका आता. आज लय डुकरं आलेत."